कात्री कुठे थांबली ते बघा

देवगडहून एका आईचं पत्र आलंय. मुलगा बारावीला, रात्री दोन-दोन वाजेपर्यंत दशावतारी नाटकांचे व्हिडिओ कापत बसतो, म्हणतो फिल्म एडिटर होणार. घरची आंब्याची बाग. वडिलांचं म्हणणं, बसून तुकडे जोडणं हे काय काम झालं? सोबत मुलाने केलेला सहा मिनिटांचा व्हिडिओ.

ताई, व्हिडिओ दोनदा पाहिला. पहिली चार मिनिटं नुसता गोंगाट. संकासुर राक्षस आला की धाडधाड कट, वर कुठलंसं रेडिमेड संगीत. अरे बाबा, मृदंग आणि पेटी वाजतेय ना तिथे! पण दोन राजांची लढाई रंगात आलेली असताना तो अचानक प्रेक्षकांत जातो. एक आजी, मांडीवर झोपलेलं नातवंड, नजर राजावरून हलत नाही. तिथे तो चांगले सात-आठ सेकंद थांबलाय. सॉफ्टवेअर कोणीही शिकेल, पण ती आजी ठेवायची हे त्याला कोणी सांगितलं? त्या आजीपायीच एवढं लांब उत्तर लिहितोय, नाहीतर 'आधी बारावी होऊ दे' म्हणून मोकळा झालो असतो.

त्याच्या बाबांना आंब्याच्या पेटीचं उदाहरण द्या. डागी आंबा काढायला डोकं लागत नाही. एडिटरला चांगलं फळही बाहेर ठेवावं लागतं, थरात बसत नाही म्हणून. तेही दुसऱ्याच्या बागेतलं, मालक शेजारी बसलेला असताना.

अमेरिकेतल्या फिल्म एडिटर थेल्मा स्कूनमेकर यांचा जन्म १९४०चा. जायचं होतं परराष्ट्र सेवेत. पेपरातली जाहिरात बघून या कामात आल्या, आणि सुरुवात कशाने? युरोपातले सिनेमे रात्रीच्या टीव्हीच्या वेळेत बसवायला छाटण्याने. दिग्दर्शक मार्टिन स्कोर्सेसींबरोबरचा पहिला सिनेमा १९६७चा. मग युनियनचं कार्ड नाही म्हणून हॉलिवूडची दारं बंद. १९८०मध्ये 'रेजिंग बुल' आला, त्याच्या एडिटिंगला ऑस्कर, पुढे आणखी दोन. २०२३मध्ये, ऐंशी ओलांडल्यावर, स्कोर्सेसींचाच जवळपास साडेतीन तासांचा सिनेमा त्यांनी बांधला. मुलाला ऑस्कर नका मोजायला सांगू, मधली तेरा वर्षं मोजायला सांगा.

पुण्याच्या एफटीआयआय या सरकारी फिल्म संस्थेचा एडिटिंगचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम पदवीनंतरच असतो, प्रवेश परीक्षा देऊन. चार राष्ट्रीय पुरस्कार मिळवणाऱ्या एडिटर रेणू सलुजा तिथल्याच. पदवी कुठल्याही शाखेची चालते, त्यामुळे सायन्सवरून घरात भांडण नको. मुंबईत पहिली काही वर्षं असिस्टंटची: आवाज चित्राशी जुळवणं, शॉट लावून ठेवणं, रात्रीची जागरणं. पैसा बागेसारखाच, एक साल येतं, एक साल जातं. ते तुम्हाला मी काय सांगणार!

परीक्षा झाली की जत्रेतलं अख्ख्या रात्रीचं एक रेकॉर्डिंग त्याच्यापुढे ठेवा. त्याचं बारा मिनिटांत करू दे, संगीत न घालता. महिनाभर बाजूला ठेवून मग त्याचंच आठ मिनिटांत. दुसऱ्या वेळी कुरकुरत का होईना बसला, तर बाबांना माझा फोन नंबर द्या, मी बोलतो.

आणि नवा मोबाईल मागत असेल तर देऊ नका. त्या पैशात दोन हार्डडिस्क घ्या. दोन, एक नव्हे. एकीवरचं उडालं की त्या रात्रीचा संकासुर परत येत नाही.