शाळेतली 1 जून आणि ग्रामपंचायतीचा जन्मदाखला

प्रश्न : आम्ही दापोली तालुक्यातील बंदरावरच्या गावात राहतो. 9 जून 2025 च्या रात्री जाळी ठेवण्याच्या खोपीतून होडीचे इंजिन चोरीला गेले आणि दोन मोठ्या मुलांबरोबर माझ्या भाच्यालाही अटक झाली. तो नववीतून शाळा सोडून होडीवर जात होता. शाळा सोडल्याच्या दाखल्यावर 1 जून 2007 ही जन्मतारीख असल्याने पोलिसांनी त्याला सज्ञान धरले. तो आज तुरुंगात आहे. ग्रामपंचायतीच्या जन्मदाखल्यावर मात्र 19 ऑगस्ट 2007 आहे. शाळेचाच दाखला चालतो, असे सगळे सांगतात. – एक मामा

उत्तर : आपल्याला मिळालेला सल्ला अर्धवट आहे, आणि त्याच्यावर विसंबून आपला भाचा एक दिवसही मोठ्यांच्या तुरुंगात राहता कामा नये, असे मला मनापासून वाटते.

बाल न्याय अधिनियम, 2015 च्या कलम 94 मध्ये वयाच्या पुराव्याचा क्रम दिलेला आहे. आधी शाळेचे जन्मतारखेचे प्रमाणपत्र किंवा दहावीचे प्रमाणपत्र, ते नसल्यास महापालिका, नगरपालिका किंवा पंचायतीचा जन्मदाखला, आणि तोही नसेल तरच हाडांची वैद्यकीय तपासणी. लोक हा क्रम ऐकतात आणि शाळेचा कोणताही कागद म्हणजे पहिला पुरावा असे समजतात. परंतु शाळा सोडल्याचा दाखला किंवा प्रवेश नोंदवहीचा उतारा म्हणजे या कलमात अपेक्षित असलेले जन्मतारखेचे प्रमाणपत्र नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने 2023 मध्ये तामिळनाडूतील एका प्रकरणात स्पष्ट केले आहे. आपला भाचा दहावीपर्यंत पोहोचलाच नाही. त्यामुळे ग्रामपंचायतीचा दाखला पुढे येतो आणि त्याप्रमाणे घटनेच्या रात्री त्याला अठरा पूर्ण होण्यास दोन महिन्यांहून अधिक अवधी होता. वय मोजायचे ते घटनेच्या दिवशीचे. ऑगस्ट 2025 मध्ये तो अठरा वर्षांचा झाला तरी प्रकरण अल्पवयीन मुलांची प्रकरणे चालवणाऱ्या बाल न्याय मंडळाकडेच चालेल.

1 जून ही तारीख आपल्याकडे कशी पडते, हे कोणत्याही मुख्याध्यापकांना ठाऊक असते. पालकांना तारीख सांगता आली नाही की गुरुजी शाळा सुरू होण्याच्या सुमाराची तारीख घालून मोकळे होत. शाळेच्या जनरल रजिस्टरचे ते पान न्यायालयापुढे मागवून घ्यावे. त्याच पानावर आणखी मुलांच्या नावांसमोर 1 जून आढळली आणि प्रवेशाच्या वेळी जन्माचा कोणताही कागद घेतलेला नसेल, तर त्या नोंदीचे वजन आणखी कमी होते. शाळेत जाऊन आता तारीख दुरुस्त करून घेण्याचा प्रयत्न मात्र कृपा करून करू नका, कारण अटकेनंतर झालेली दुरुस्ती संशयास्पद ठरते आणि खरा कागदही तिच्याबरोबर बुडतो.

जन्मदाखला हातात घेऊन त्यावरचा नोंदणी दिनांक पाहा. नोंद 2007 मध्येच, जन्मानंतर लगेच झालेली असेल, तर आपली बाजू भक्कम आहे. ती अलीकडे उशिराने झालेली असल्यास लसीकरण कार्ड आणि अंगणवाडीची नोंद जोडावी लागेल.

याच अधिनियमाच्या कलम 9 नुसार अल्पवयीन असल्याचा दावा कोणत्याही न्यायालयात, कोणत्याही टप्प्यावर करता येतो. दंडाधिकाऱ्यांना त्याची चौकशी करावीच लागते आणि त्यासाठी केवळ प्रतिज्ञापत्र पुरत नाही. म्हणून ग्रामपंचायत अधिकाऱ्यांना (पूर्वीचे ग्रामसेवक) मूळ जन्मनोंदवहीसह साक्षीला बोलावण्याची विनंती या दाव्याच्या अर्जातच करा. चौकशी चालू असताना त्याला सुरक्षित ठिकाणी हलवावे, अशी मागणीही त्याच अर्जात हवी. दावा मान्य झाल्यावर त्याचे प्रकरण मोठ्या मुलांपासून वेगळे होईल आणि कलम 12 प्रमाणे जामीन हा नियम, नकार हा अपवाद ठरेल.

भारतीय न्याय संहितेच्या कलम 305 (राहत्या घरातील किंवा माल ठेवण्याच्या जागेतील चोरी) मधील सात वर्षांच्या शिक्षेची भीती आपल्याला कोणी घातली असेल, तर ती कमाल शिक्षा आहे. सोळा वर्षांवरील मुलावर सज्ञानाप्रमाणे खटला चालवायचा की नाही हा विचार किमान शिक्षा सात वर्षे किंवा अधिक असलेल्या गुन्ह्यातच होतो; इथे तो उद्भवत नाही.

वकिलाची फी परवडत नसेल तर रत्नागिरीच्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. बालकाला, त्याच्या घरचे उत्पन्न कितीही असो, मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे. पुढच्या तारखेची वाट पाहू नका. न्यायालय उघडेल त्या पहिल्याच दिवशी अर्ज दाखल करा.