साठाव्या वर्षाचं व्याज

प्रश्न: माझ्या काल्पनिक राज्यात एका रात्री वेळ थांबतो. नायक सोडून सगळे जागच्या जागी गोठतात. हे वाचकाला पटेल असं कसं लिहू?

आधी नायकालाही गोठवा.

रागावू नका, माझ्या पहिल्या खर्ड्यातही असाच एकटा जागा राहिलेला वीर होता. थांबलेल्या बाजारातून हिंडायचा, हलवायाच्या परातीतली जिलबी उचलायचा. ऐरोलीला माझी भाची राहते, सहावीत आहे. तिला वाचून दाखवलं. ती म्हणाली, "मामा, उजेडही थांबला ना? मग त्याला दिसतंय कसं? आणि हवा हलतच नाही तर नाकात जाते कशी?" मी म्हटलं, जादू आहे गं. "मग सगळं जादूनेच कर ना, बाजारात कशाला जातो?" तो खर्डा तिथेच संपला.

मी राहतो ठाण्यात. तिच्याकडे जाताना गाडी कळव्याची खाडी ओलांडते. भरती पुरी होऊन ओहोटी लागायच्या आधी पाणी थोडा वेळ नुसतं उभं असतं. ते उभं आहे हे कळतं, कारण आसपास बाकी सगळं चालू असतं. सगळंच थांबलं असतं तर काही घडलंय हे कोणाला कळलं असतं? म्हणून वेळ सरसकट थांबवू नका, तुकड्यातुकड्याने थांबवा.

ही युक्ती माझी नाही. सिडनी शूमेकर या अमेरिकन तत्त्वज्ञाने १९६९ मध्ये असं एक जग कल्पिलं होतं. त्यात तीन मुलुख. पहिला दर तिसऱ्या वर्षी वर्षभर गोठतो, दुसरा दर चौथ्या, तिसरा दर पाचव्या. गोठलेल्यांना काहीच जाणवत नाही. त्यांच्या लेखी पापणी लवते न लवते तोच शेजारच्या मुलखातली झाडं एकदम वाढलेली दिसतात. आता ३, ४ आणि ५ चा लसावि काढा. ६०! म्हणजे साठाव्या वर्षी तिन्ही मुलुख एकदम गोठतात आणि बघायला कोणीच उरत नाही. काहीही न बदलता वेळ जाऊ शकतो, असं मानायला लोकांकडे सबळ कारण असू शकतं, हे शूमेकरला दाखवायचं होतं. आपल्याला काय, आयतं जग मिळालं. शिवाय ६० आकडा आला की आपला हात पंचांगाकडे जाणारच. संवत्सरंही साठच, पहिलं प्रभव आणि साठावं क्षय. मी गोष्टीत त्या वर्षाला क्षयच म्हटलंय.

खरी मजा मात्र सीमेवर आहे. गोठलेल्या मुलखातून उजेड बाहेर येणार नाही, म्हणजे बाहेरच्यांना तिथे पुतळे दिसणार नाहीत, काळीकुट्ट भिंत दिसेल. (सिनेमात पुतळे दाखवतात, कारण काळा पडदा बघायला कोण तिकीट काढेल?) पुढचा प्रश्न पुन्हा भाचीचाच: बाहेरचं ऊन त्या भिंतीवर वर्षभर पडत राहिलं, तर ते जातं कुठे? मी ठरवलं की ते कडेला साचतं, आणि मुलुख सुटतो त्या सकाळी एकदम आत शिरतं. त्यामुळे माझ्या गोष्टीत सीमेलगतच्या गावांत कोणी राहत नाही, राहिलंच तर त्या बाजूच्या भिंतीला खिडकी ठेवत नाही. नदीचं तर विचारूच नका. वरच्या मुलखातली नदी खाली वाहत आली आणि पुढचा मुलुख गोठलेला असला, तर वर्षभर बांध घातल्यासारखी फुगणार. माझी राजधानी दोनदा बुडाली, तेव्हा कुठे मला नकाशात डोंगररांग सरकवायची अक्कल आली. तुम्ही नकाशा आधी काढा, कथानक मागाहून.

थांबलेला क्षण रंगवण्यात पानं घालवू नका. पुराणात राजा ककुद्मी मुलीसाठी, रेवतीसाठी, वर विचारायला ब्रह्मलोकी जातो. तिथे गंधर्वांचं गाणं चाललेलं असतं, म्हणून जरा थांबतो. तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगं उलटतात. गाण्याचं वर्णन कोणाच्या लक्षात आहे? लक्षात राहते ती परत आल्यावरची रेवती. नव्या युगातल्या माणसांपेक्षा ती इतकी उंच, की बलरामाला नांगराने तिला खाली आणावं लागतं.

तसं तुमच्या राज्यात, वेळ सुटल्यावर काय जुळत नाही ते शोधा. मला सापडलं व्याज. ब्रिटनने १७५२ मध्ये पंचांग बदललं तेव्हा २ सप्टेंबरनंतर थेट १४ सप्टेंबर आला. मधले अकरा दिवस नुसते कागदावरच गेले, तरी देणी अकरा दिवस अलीकडे ओढता येणार नाहीत अशी सोय कायद्यातच करावी लागली. इथे तर अख्खं वर्ष आहे. क्षय संपल्यावर माझा सावकार दारात येतो: वर्ष गेलं, व्याज काढा. कर्जदार म्हणतो, कोणाचं गेलं? तुमची दाढी तरी वाढली का? सावकार म्हणतो, एकोणसाठ वर्षं ज्याचा त्याचा मुलुख ठरल्या वेळी गोठला, मग नेमकं साठाव्यालाच का चुकेल? कर्जदार म्हणतो, एक साक्षीदार आणा. तो कुठून आणणार?

माझा कौल सावकाराला आहे, भाचीचा कर्जदाराला, आणि त्या पायी पुढचं प्रकरण दोन महिने अडलंय. बहीण बँकेत आहे. ती पोळ्या लाटता लाटता म्हणाली, करारात वर्ष म्हणजे काय लिहिलंय ते आधी बघा. ते मी लिहिलेलंच नाही.