धान्य आहे, मग भूक का?

प्रश्न : जगात सगळ्यांना पुरेल एवढं धान्य पिकतं म्हणतात, मग लोक उपाशी का? लोकसंख्या वाढली म्हणूनच ना?

उत्तर : लोकसंख्येवर ढकलून मोकळं होणं सोपं आहे हो, पण तसं नाहीये. २०२३ मध्ये जगात ७० कोटींहून जास्त लोक उपाशी होते असा संयुक्त राष्ट्रांचा अंदाज आहे, आणि त्यातल्या बहुतेकांची अडचण धान्य नाही ही नसून ते घ्यायला हातात पैसा नाही ही आहे. आयर्लंडमध्ये १८४५ नंतर बटाटा सडला, दहा लाखांच्या आसपास माणसं मेली, आणि त्याच काळात तिथल्या बंदरांतून ओट्स, लोणी, गुरं जहाजात भरून इंग्लंडला चालली होती!

आता अमेरिकेजवळच्या कॅरिबियन समुद्रातल्या हैतीचं बघा. १९८० च्या सुमाराला हा देश जवळपास सगळा तांदूळ स्वतः पिकवायचा. मग १९९५ मध्ये बाहेरच्या दबावाखाली आयात शुल्क ३ टक्क्यांवर आणलं, सबसिडीवाला अमेरिकन तांदूळ स्वस्तात येऊन पडला, तिथला शेतकरी त्यापुढे टिकणार कसा, तो शेती सोडून शहरात गेला. २००८ मध्ये जगभर भाव भडकले तेव्हा तिथे दंगली झाल्या, पंतप्रधानांना जावं लागलं. १९९५ मध्ये अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष असलेल्या बिल क्लिंटन यांनी २०१० मध्ये या धोरणाबद्दल माफी मागितली, पण गेलेली शेती माफीने थोडीच परत येते.

युद्धाचं तर विचारूच नका, येमेनसारख्या आयातीवर जगणाऱ्या देशात बंदर अडवलं की चूल विझलीच.