'रेगेन' (१९२९) हा लघुपट एकाच पावसात चित्रित झाला आहे का?

नाही. पडद्यावर अ‍ॅमस्टरडॅममधली एकच सर बारा-एक मिनिटांत येऊन जाते, पण ती काही महिन्यांच्या पावसातून जोडलेली आहे. दिग्दर्शक योरिस इव्हेन्सनेच हे सांगून ठेवलंय. 'किनामो' हा छोटा, हातात धरता येणारा कॅमेरा असल्याने ढग दाटले की लगेच बाहेर पडता यायचं. सांधे दिसत नाहीत, कारण क्रम खऱ्या सरीचाच आहे: आधी वारा, मग कालव्याच्या पाण्यावर पहिली वर्तुळं, एक माणूस तळहात पुढे करून थेंब पडतोय का बघतो आणि कॉलर वर करतो, मग छत्र्याच छत्र्या, ट्रामच्या काचेवरचे ओघळ. मात्र सर एकच आहे असं मत संगीतावरून बनवू नका: मूळ फिल्म मूक आहे, हान्स आइस्लरचं प्रसिद्ध संगीत १९४१ चं.