पोरगा गाण्यांचे व्हिडिओ काढतो, यात पोट भरतं का?

ताई, पत्र वाचलं. ब्रह्मपुरीकडचं गाव, पोट्टा बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला, दिवाळीनंतरच्या मंडईच्या, म्हणजे गावजत्रांच्या दिवसांपासून होळीपर्यंत वडशाच्या नाटक कंपन्यांना गाण्यांचे व्हिडिओ काढून देतो आणि आता म्हणतो मुंबईच्या प्रायव्हेट फिल्म अकॅडमीत जायचं, फी एवढी की धानाच्या दोन बांध्या, म्हणजे भातशेतीचे दोन तुकडे विकावे लागतील. तुम्ही विचारलं यात पोट भरतं का आणि बांध्या विकू का.

बांध्या विकू नका. हे आधी सांगून टाकतो.

पोट भरतं, पण पगारासारखं दर महिन्याला नाही. एका महिन्यात दोन गाणी, एक लग्न, एखाद्या कृषी केंद्राची जाहिरात आणि मग दोन महिने फोनच वाजत नाही, स्वतःची फिल्म या सगळ्यातून वेळ काढून करायची. जे टिकतात ते सगळंच करतात, कॅमेरा धरतात, एडिट करतात, लाइट उचलतात, वेळ पडली तर कलाकारांच्या जेवणाचंही तेच बघतात. हे ज्याला कमीपणाचं वाटतं त्यानं या लाइनमध्ये येऊच नये असं माझं स्पष्ट मत आहे.

"नुसते गाणेच काढत बसतो" असं तुम्ही लिहिलं, त्याच्याशी मी सहमत नाही. चार मिनिटं, संवाद एकही नाही, गोष्ट चित्रातूनच कळली पाहिजे, हे काही सोपं काम नाही. फ्रान्सचा मिशेल गाँद्री आधी एका बँडमध्ये ड्रम वाजवायचा, त्याच बँडचे व्हिडिओ करायला लागला, मग १९९३ मध्ये बियॉर्क या गायिकेचा व्हिडिओ केला आणि मोठा सिनेमा आला थेट २००१ ला. आपल्याकडे सगळे नागराज मंजुळेंचं नाव घेतात, पण २०१६ चा सैराटच आठवतो, त्याच्या कितीतरी आधी नगरला मास कम्युनिकेशन शिकताना त्यांनी पिस्तुल्या ही शॉर्टफिल्म केली होती आणि तिला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला होता हे कोणी सांगत नाही.

पोराला सहज विचारा, स्लो मोशनमध्ये गाण्याचे ओठ कसे जुळवतोस? तो म्हणाला की सेकंदाला ५० फ्रेमनं शूट करतो, सेटवर गाणं दुप्पट स्पीडनं वाजवतो आणि एडिटमध्ये २५ वर आणतो, तर समजा गडी कामातून शिकतोय. आणि हो, रात्रभर नाटक बघणारं झाडीपट्टीचं, म्हणजे आपल्या पूर्व विदर्भाचं पब्लिक कुठे हसतं, कुठे उठून चहाला जातं हे तो दर सीझनला समोर बघतो, ते कोणत्या अकॅडमीत मिळणार?

शिकायचंच असेल तर पुण्याची एफटीआयआय आहे, सिनेमा शिकवणारी १९६० पासूनची सरकारी संस्था, कोलकात्याला सत्यजित रे इन्स्टिट्यूट आहे. पण दिग्दर्शनाच्या कोर्सला पदवी लागते आणि प्रवेश परीक्षा असते. म्हणून बी.ए. सोडू देऊ नका, याच्यावर अजिबात ऐकू नका त्याचं.

अजून एक गोष्ट जी पोरं हमखास विसरतात. सध्या तो तोंडी बोलीवर काम करत असणार. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात पैसे देऊन करून घेतलेल्या फिल्मचा हक्क, वेगळं काही ठरलं नसेल तर, करून घेणाऱ्याकडे जातो. तेव्हा एक पानाचा कागद करा, त्यात रक्कम, अर्धे पैसे आधी, नाव द्यायचं की नाही, आणि स्वतःचं काम दाखवायला तो व्हिडिओ वापरता येईल का, एवढं असलं तरी पुरे. स्वतःच्या फिल्ममध्ये सिनेमातलं गाणं टाकू नको म्हणा, कंपनीतल्या ऑर्गनवाल्याकडून नवीन चाल करून घे आणि तेही लिहून घे.

आणि यंदा मंडई सुरू व्हायच्या आधी गाणं नसलेली दहा मिनिटांची एक फिल्म पूर्ण करायला लावा, गावातलीच माणसं घेऊन. कॅमेरा-लेन्स लागलीच तर नागपूरहून भाड्यानं आणता येईल. पहिली खरेदी माइकची करू द्या, चित्र जरा हललेलं लोक चालवून घेतात, आवाज कळला नाही तर उठून जातात. ती फिल्म झाली की मला पाठवा, मग अकॅडमीचं बोलू.