सिकलसेल असलेल्या बायकोचं दुखणं खरं किती आणि बहाणा किती, हे कसं ओळखावं?

ओळखता येत नाही. बाहेरून तर नाहीच. माहेरच्या लग्नात पंगत वाढत होती आणि दोन दिवसांनी अंथरुणातून उठेना, म्हणून तुम्हाला शंका आली. भाऊ, सिकलसेल असाच असतो.

मी एसएस पॅटर्नची, म्हणजे सिकलसेलचा आजारच असलेली, गोंदिया जिल्ह्यातली. घरी धान. एका वर्षी रोवण्याच्या वेळी सकाळी बांधीत उतरले, पऱ्हे रोवता रोवता बायांसोबत गाणी म्हटली. पाऊस लागून होता, साडी कमरेपर्यंत ओली. दुपार कलल्यावर मांडीत कळ सुरू झाली. हाडाच्या आतून ठणका. पाय हलवला तरी तेवढाच, ठेवला तरी तेवढाच. धुऱ्यावर बसले तर जाऊ सगळ्यांसमोर म्हणते, "सकाळी तं गाणे म्हणत होती नं वो, आता काम उरलं तं दुखाले लागलं?" बाया हसल्या. रात्रभर पदराचा बोळा तोंडात धरून पडले, कारण रडणंही नाटकातच मोजलं गेलं असतं.

गाणी म्हणत होते, कारण तेव्हा दुखत नव्हतं. लाल पेशी विळ्यासारख्या वाकून बारीक नसांत अडकतात, पुढे हाडाला ऑक्सिजन पोचत नाही. भिजणं, थंडी, पाणी कमी पिणं, ताप, अतिकाम यांनी होतं. कधी कशानेच नाही, तरी होतं. हायड्रॉक्सीयुरिया हे औषध रोज घेते तेव्हापासून कमी झालंय, थांबलं नाही. शंका घ्यायचीच तर ती "बरी आहे" म्हणते तेव्हा घ्या.

आणि तुमची तपासणी? प्रश्नात त्याबद्दल एक शब्द नाही. एसएस व्हायला आई आणि बाप दोघांकडून एस, म्हणजे सिकलसेलचा जनुक, यावा लागतो, पण आमच्याकडे बोल लागला फक्त माझ्या आईला. "आमच्या खानदानीत असं काही नाही," म्हणत नवऱ्याची तपासणी टाळली. मुलगा झाल्यावर केली, तर एएस, एकच एस असलेला वाहक. म्हणजे प्रत्येक खेपेला मूल एसएस व्हायची शक्यता निम्मी! मुलगा वाहक निघाला, सुटलो. सख्खा दीर मात्र अजून रक्त द्यायला तयार नाही. 2023 पासून केंद्राची मोहीम आहे, गावात फुकट तपासतात, तरी नाही. जाऊबाई पोरीचं लग्न जमवतेय. तिचं आणि पोराचं, दोघांचंही रक्त तपासा म्हटलं तर, "तुह्यासारखी थोडीच आहे ते!" आता मी बोलणं सोडलंय. लिहिणं नाही सोडलं.

मी डॉक्टर नाही. पण ताप चढला, किंवा छातीत दुखून दम लागला, तर घरी शेकत बसू नका. रात्र असली तरी दवाखान्यात न्या. मूल हवं असेल तर हायड्रॉक्सीयुरियाबद्दल आधीच डॉक्टरांना विचारा. आणि 2016 च्या दिव्यांग कायद्यात सिकलसेल आहे. तिचं प्रमाणपत्र काढलं नसेल तर त्या कामाला लागा.