२०२४ मध्ये कॅलिफोर्नियाच्या मतदारांनी अमेरिकी सेनेटच्या (संसदेच्या वरच्या सभागृहाच्या) एकाच जागेसाठी दोनदा मत का दिलं?

कारण एकाच मतपत्रिकेवर त्या जागेच्या दोन वेगळ्या मुदतींची निवडणूक होती. त्या जागेवरच्या सेनेटर डायॲन फाइनस्टाइन सप्टेंबर २०२३ मध्ये पदावर असतानाच वारल्या. गव्हर्नर न्यूसम यांनी लाफोन्झा बटलर यांना त्या जागी नेमलं, पण त्या निवडणुकीला उभ्या राहिल्या नाहीत. म्हणून एक मत ३ जानेवारी २०२५ पर्यंतच्या उरलेल्या काळासाठी, दुसरं पुढच्या ६ वर्षांसाठी. डेमोक्रॅटिक पक्षाच्या ॲडम शिफ यांनी रिपब्लिकन पक्षाच्या स्टीव्ह गार्वी यांना दोन्हींत हरवलं. उरलेली मुदत जेमतेम काही आठवड्यांची, तरी मत घ्यावंच लागलं, आणि ते योग्यच. नेमलेली व्यक्ती निवडून आलेली नसते. याला आधार १९१३ ची १७वी घटनादुरुस्ती, जिच्यानुसार सेनेटर थेट जनता निवडते आणि रिकामी जागाही निवडणुकीने भरायची असते. मात्र तात्पुरत्या नेमणुकीचे नियम राज्यागणिक बदलतात.